सारजाबाई आणि बराखीतला कंपनीवाला

सारजाबाई सकाळी उठायची तीच रागावलेली. झोपेत तिचं कुणाशी तरी भांडण होत असावं आणि ते अर्धवट राहत असावं, कारण पुढचं अर्धं ती गावाशी भांडायची. ओल्या लाकडावर राग, धुरावर राग. कोंबडा उशिरा आरवला तर राग, आणि वेळेवर आरवला तर ‘ह्याला मेल्याला दुसरा उद्योग न्हाई’ म्हणून राग. आमचं गाव चाकणपासून कोसभरावर. ती विहिरीवर निघाली की वाटेतले गडी चिलीम विझवून उगाच बैलांच्या खुरांकडे निरखून बघायला लागत.

हा राग निम्मा गावाच्या करमणुकीचा होता. उरलेला निम्मा खरा होता, आणि त्याचं नाव दारूबंदी.

तिचा नवरा मालोजी प्यायचा. चाकणच्या सरकारी ठेक्याच्या दुकानात प्यायचा आणि अंधार पडायच्या आत गात गात घरी यायचा. गळा वाईट होता, पण माणूस घरी येत होता. मग मुंबई सरकारने दारूबंदी आणली. दुकानाला कुलूप लागलं, प्रभातफेरी निघाली, शाळेत पेढे वाटले. सरकारने दुकान बंद केलं, पण तहान बंद करायला सरकारकडे माणूस नव्हता. मालोजी हातभट्टीची प्यायला लागला. एका हिवाळ्यात भर दुपारी तो म्हणाला, ‘दिवा लाव गं, काही दिसंना.’ संध्याकाळी गेला. तेव्हापासून सारजाबाई दारूवर जितकी चिडलेली, तितकीच दारूबंदीवर. दोन्हींवर एकदम चिडणारी बाई तालुक्यात दुसरी नव्हती.

आणखी चिडायला यशवंतराव होते. यशवंतराव म्हणजे गावचे बागाईतदार. ज्याला दारूवाचून राहवत नाही, असं डॉक्टर लिहून देईल, त्याला त्या काळी सरकारी परवाना मिळे. माणूस पक्का दारुडा आहे याचा दाखला आणला की त्याने उजळ माथ्याने प्यावी, आणि ज्याला दाखला आणायची ऐपत नाही त्याने तुरुंगात जावं, असा तो न्याय. यशवंतरावांनी पुण्याहून दाखला आणला होता आणि तो ते पाहुण्यांना दाखवत. गावात सरकारमान्य दारुडा एकच, आणि गावच्या दारूबंदी समितीचे अध्यक्षही तेच. सारजाबाई त्यांच्या दारावरून जाताना थुंकायची. ते म्हणायचे, ‘सर्दी झालेली दिसते.’

मालोजीमागे सारजाबाईला शेत राहिलं आणि एक बराख राहिली. बराख म्हणजे कांदा साठवायची लांबट खोप. कुडाच्या भिंती, वर पाचटाचं छप्पर, वारा खेळावा म्हणून खाली फटी. दोन्ही तिच्या नावावर होती. ती नावावर करून घेताना तिने तलाठ्याला इतकं पिडलं की त्याने बदली मागितली. बराखीचं पश्चिमेचं टोक मात्र तिच्या दिराने, धर्माजीने, ढेपेची, म्हणजे गुरांच्या पेंडीची, पोती ठेवायला मागून घेतलं होतं. धर्माजीचं घर त्याच अंगाला. त्याने मधे कूड घातला, आपल्या बाजूला दार केलं आणि दाराला कुलूप लावलं. किल्ली कमरेच्या करगोट्याला.

भादव्यात बराखीला काय वास येतो हे ज्याला ठाऊक नाही, त्याला सांगूनही उपयोग नाही. दमट हवेत कांदा खालून सडतो. मग रोज बसून सडका कांदा बाजूला काढायचा, नाहीतर एकामुळे शंभर जातात. त्या वासाने परका माणूस रस्त्यावरच नाक धरतो. आमच्या गावच्या माणसाला मात्र तो येतच नाही. पिढ्यान्‌पिढ्या कांद्यात घालवल्यामुळे भादव्यात अख्ख्या गावाचं नाक सुट्टीवर जातं.

१९५५च्या भादव्यात एका दुपारी सारजाबाई कांदा निवडत बसली होती. तेवढ्यात ढिगाच्या पूर्वेकडच्या टोकामागून एक माणूस बाहेर आला. अंगात निळे कपडे, छातीवर कंपनीचं नाव, पायात रबरी तळाचे बूट, हातात रिकामं पोतं. तिने कोयता उचलला.

‘बाई, ते खाली ठिवा,’ तो म्हणाला. ‘मी कांदे न्यायला आलाव.’

‘माझ्या बराखीतनं कांदं न्यायला तुला कुणी धाडलं त्या मुडद्याचं नाव सांग.’

‘सुपरवायझरनं. कॅन्टीनमधले कांदे संपलेत.’

‘कुठल्या गावचा सुपरवायझर?’

हा प्रश्न त्याला आजवर पडला नव्हता. तो विचार करत दारापर्यंत गेला आणि त्याने बाहेर पाहिलं. बाहेर गवताची कुरणं, एक बैलगाडी, लांब डोंगर. ट्रकांची रांग नाही, भिंत नाही, चिमणी नाही. त्याने हातातलं पोतं खाली अंथरलं आणि त्यावर बसला.

सारजाबाईने फौजदाराच्या थाटात फर्मावलं, ‘तोंड उघड.’ तिने वास घेतला. चहाचा होता. मग तिने त्याचे हात हुंगले आणि तिचं डोकं फिरलं. ‘हातानं पितोस व्हय रं?’

त्याने खिशातून लहानशी बाटली काढली. आमच्याकडं साथ येऊन गेली, तवापासून जेवायच्या आधी हे हाताला चोळायचं, असं त्याने सांगितलं. तिच्या तळहातावर थेंबभर घातलं. गार लागलं. तिला त्याचाही राग आला.

त्याचं नाव ज्योतीराम. लातूरकडचा. चाकणला मोटारी बनवणाऱ्या एका कारखान्यात ठेक्यावर कामाला होता, आणि तो कारखाना अजून निघायचा होता. निघायला बरीच वर्षं होती. कारखान्याच्या कॅन्टीनचं कांद्याचं गोदाम जिथे उभं राहायचं, तिथेच आज सारजाबाईची बराख उभी होती. त्याच्याकडे पोत्यांची थप्पी, इकडे ढीग, आणि मधे एक माणूस आडवा होऊन जाईल एवढी फट. कांदा दोन्हीकडे त्याच जागी असेल तोवर वाट चालू. असं कसं, हे मला विचारू नका. भादव्यातल्या बराखीत तासभर बसा, मग काळ-वेळ सगळं विरघळतं हे तुम्हालाच पटेल. बसवलं तर.

दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत तो परत आला. येताना कागदाच्या पेल्यात चहा घेऊन आला.

‘आलास का रं कंपनी?’ ती म्हणाली. छातीवर लिहिलेलं त्याने वाचून दाखवल्यापासून तिने त्याचं हेच नाव ठेवलं होतं. ‘हितं काय ठिवलंस माझ्याकडं?’

‘तिकडं बसून तरी काय करू? तिथं कुनी बोलत न्हाई. समदे मोबाईलात.’

‘कशात?’

त्याने सांगायचा प्रयत्न केला. ती म्हणाली, ‘तू कांदं निवड.’

असं सुरू झालं. लोक प्रेमात पडतात तेव्हा फुलं देतात म्हणे. ही दोघं समोरासमोर बसून सडके कांदे वेगळे काढत आणि चिडत. चिडण्यात तोही काही कमी नव्हता. छत्तीस वर्षांचा झाला होता, लग्न नव्हतं. कारण ठेकेदार दर सात महिन्यांनी त्याला काढून टाकी आणि थोड्या दिवसांनी नवीन म्हणून परत घेई. त्यामुळे चौदा वर्षं त्याच पट्ट्यावर तोच नट आवळूनही तो कायम नवखाच राहिला होता. मुलीचा बाप पहिला प्रश्न विचारी, ‘कायम हाय का?’

‘आन्‌ तू काय सांगतोस?’

‘न्हाई म्हणतो. मग चहा देत्यात आन्‌ बोळवण करत्यात.’

‘ठेकेदाराच्या थोबाडात का हाणली न्हाईस?’

‘त्याच्या मागं दुसरा ठेकेदार हाय. त्याच्या मागं तिसरा. हाणायचं कुनाला?’

सारजाबाईने हातातला कांदा इतका दाबला की तो फुटला. मालोजी गेला तेव्हा तिलाही नेमकं हेच कळलं नव्हतं. दुसऱ्याच्या अन्यायावर ती इतकी मनापासून चिडलेली गावाने कधी पाहिली नव्हती. ज्योतीरामसाठी कुणी चिडलं, असंही पहिल्यांदाच घडत होतं. दुसऱ्या दिवशी तिने त्याच्यासाठी वेगळी भाकरी आणली. ‘उरली हुती,’ म्हणाली. भाकरी गरम होती.

एकदा तिने विचारलं, ‘माझं हे शेत कंपनीला इकलं कुणी?’

त्याला माहीत नव्हतं. त्याने तिकडे म्हाताऱ्या माणसांना विचारून पाहिलं होतं. सारजाबाई नावाच्या कुणाचं शेत इथे होतं, हे कुणालाच आठवत नव्हतं. धर्माजीच्या नातवांचे बंगले मात्र होते. हे ऐकून ती काहीच बोलली नाही. ती रागावली की बोलते हे गावाला ठाऊक होतं. न बोलण्याइतकी रागावलेली ती ज्योतीरामनेच प्रथम पाहिली.

मग एक दिवस भाकरी मोडता मोडता तो थांबला.

‘सारजाबाई, तुमी गाळताव का?’

‘काय?’

‘दारू. ह्या कुडापल्याडनं वास यायलाय. गूळ आन्‌ नवसागर. आमच्या गल्लीत भट्टी हुती, मी लहानपनापसून वळखतो.’

तिने त्याच्या हातातली भाकरी काढून घेतली. माझ्या बराखीत दारू असती तर मला वास आला नसता का, असं तिने विचारलं आणि पुढची पाच मिनिटं तिने त्याच्या जिल्ह्यातल्या एकूण एक माणसाचा उद्धार केला. तो सगळं ऐकून घेत उठला आणि कुडाला फट शोधून म्हणाला, ‘बघा.’

तिने डोळा लावला. ढेपेचं एकही पोतं नव्हतं. मडकी होती, पिंपं होती, पितळेची नळी होती. तिच्या नाकासमोर, तिच्या छपराखाली, तिच्या कांद्याच्या वासाआड धर्माजी दारू गाळत होता. म्हणून तर त्याने बराखीतली जागा मागितली होती. साऱ्या मुलखात याहून सुरक्षित भट्टी नव्हती. गाववाल्यांना वास येत नाही आणि बाहेरचा जवळ येत नाही.

ती तशीच उठून चौकीवर गेली. फौजदार आला. येताना धर्माजीलाच बरोबर घेऊन आला. दारात उभं राहून त्याने नाकाला रुमाल लावला.

‘कांद्याशिवाय कसलाही वास येत नाही,’ तो म्हणाला.

‘आत या की. कुलूप उघडाया लावा.’

‘पेंड बघायला मी कशाला आत येऊ? आणि बाई, बराख कुणाच्या नावावर? तुझ्या. यात कधी काही सापडलं तर मी तुलाच नेणार, हे ध्यानात ठेव.’

तो गेल्यावर धर्माजी थांबला. धर्माजी मोठा गोड बोलायचा.

‘वैनी, ढेप माझी, आन्‌ जागा तुमची. आत दुसरं काय निघालं तर ते बी तुमचंच की. बाजाराचा दिस गेला की साहेब परत येत्यात, आत येत्यात. तुमी येरवड्याला गेलात म्हंजी शेत आमीच बघायचं ना? घरचंच हाय.’

‘भावजी,’ सारजाबाई म्हणाली, ‘तुमच्या दादास्नी ती शेवटची दारू कुणी दिली हुती?’

धर्माजीने चप्पल झटकली. ‘दादानं मागितली. थोरल्या भावाला न्हाई कसं म्हनायचं?’

आणि तो गेला. एवढं बोलून माणूस सरळ चालत जाऊ शकतो, याचा मला आजही संताप येतो.

कुलूप फोडून उपयोग नव्हता. फोडलं की भट्टी तिचीच. ते धर्माजीच्या किल्लीने, चारचौघांसमोर उघडायला हवं होतं. गावातले गडी साक्षीला येणार नव्हते, ते रोज त्याच दाराशी पेला घेऊन उभे राहत. यशवंतरावांचा सरकारी कोटा महिन्याच्या मध्यालाच संपे, पुढचा अर्धा महिना तेही धर्माजीचंच गिऱ्हाईक.

ज्योतीराम म्हणाला, ‘तुमी चला माझ्यासंगं. तिकडं तुमाला कुनी धरनार न्हाई.’

‘तिकडं येऊन काय करू?’

‘मी हाव की.’

‘तुला सात महिन्यानं काढत्यात. मग आपण दोघं काय खाऊ? आन्‌ माझ्याच शेतावर बांधलेल्या गोदामात मी कुणाच्या कांद्याला हात लावू?’ तिचा आवाज चढला आणि मधेच बसला. ‘मी गेले म्हंजी त्यानं दोघांस्नी खाल्लं. त्यास्नी बी आन्‌ मला बी.’

तिने हातातला सडका कांदा बाजूला टाकला. मग म्हणाली, ‘गावाला वास येत न्हाई, तो माझ्या कांद्यापायी. कांदाच बाहेर काढते. उद्या बाजार. भावजी चाकणला जातो, बाया घरी असत्यात. एक बी कांदा आत ठिवत न्हाई.’

दोघांनाही कळलं. ढीग गेला की फट गेली.

‘उद्या येऊ नगंस,’ ती म्हणाली. ‘आलास तर हितंच अडकशील.’

सुट्टी संपली होती, तो गेला.

सकाळी धर्माजीची गाडी चाकणच्या वाटेला लागली आणि सारजाबाईने पहिली पाटी उचलली. मागून कुणीतरी दुसरी उचलली. ज्योतीराम होता.

‘तुला काय सांगितलं हुतं?’

‘एकट्या बाईनं एवढं ओझं हुईल का?’

‘तुझी कंपनी?’

‘आज न्हाई तर पुढल्या महिन्यात काढनारच हुते.’

तिने त्याला तोंडभर शिव्या दिल्या आणि त्याच दमात सांगितलं की पाटी कमरेने उचल, पाठीने नको. दुपारपर्यंत दोघांनी कांदा लांब बांधावर नेऊन ओतला. मग तिने भिंतींवर पाणी मारलं, खालची सडकी माती खरवडून काढली. वारा आरपार वाहायला लागला. पूर्वेच्या टोकाला आता नुसती कुडाची भिंत होती.

गावाची नाकं सुट्टीवरून परत यायला थोडा वेळ लागला. पहिली आली शेजारची तानाबाई. ती कडेवर घागर घेऊन चालली होती, ती वाटेतच थांबली. तिने वर तोंड करून वास घेतला, मग पुन्हा घेतला.

‘ह्यो वास,’ ती म्हणाली, ‘मी रोज उशाला घेऊन निजते.’

तिने घागर खाली ठेवली. तिच्यामागून दुसरी आली, मग चार आल्या. प्रत्येकीला तो वास घरचा होता, फक्त तो कुठून घरी येतो हे माहीत नव्हतं. धर्माजी बाजारातून परतला तेव्हा कुलपासमोर बायका बसल्या होत्या. कुणी ओरडत नव्हतं. तानाबाई म्हणाली, ‘धर्माजीभाऊ, ढेप दाखवा.’ त्याने किल्ली हरवल्याचं सांगितलं. सारजाबाईने पुढे होऊन त्याच्या करगोट्याकडे बोट केलं. ‘तुमी काढता का आमी काढू?’ एवढंच ती म्हणाली. त्याने स्वतः काढली, स्वतः कुलूप उघडलं.

आता फौजदाराला आत यावंच लागलं. पंच म्हणून यशवंतराव आले. त्यांनी पिंपात डोकावून डोळे मिटले आणि माल तीन दिवसांनी तयार होईल असं सांगितलं, मग खोकून ‘असा अंदाज’ असं जोडलं. एवढ्या बायकांदेखत बराखीच्या मालकिणीला धरता येईना. धर्माजीला धरणं तर फौजदाराच्या पोटावर आलं असतं. पण आरोपी हवा होता. त्याची नजर निळ्या कपड्यांवर गेली.

‘हा कोण?’

‘मी लातूर जिल्ह्यातला.’

‘लातूरला जिल्हा कधी केला? निजामाच्या हद्दीतला दिसतोस. खिसे दाखव.’

खिशातून ती हाताला चोळायची बाटली निघाली. फौजदाराने हुंगली आणि त्याचा चेहरा उजळला. यशवंतरावांनीही हुंगली. ‘कडक आहे,’ ते म्हणाले. झालं. परमुलखातला माणूस, विचित्र वेष, खिशात अस्सल स्पिरिट. त्याने धर्माजीच्या भोळेपणाचा फायदा घेऊन भट्टी लावली, असा पंचनामा झाला. सारजाबाई पुढे झाली तेव्हा ज्योतीराम हळूच म्हणाला, ‘गप बसा. तुमच्या बराखीचं नाव येईना, तेवढं बास.’

ती गप बसली नाही. तालुक्याच्या कोर्टात ती इतकं बोलली की तिला दोनदा बाहेर काढलं. बायकाही गेल्या होत्या, पण त्यांना कुणी विचारलंच नाही. ज्योतीरामला तीन महिन्यांची कैद झाली. धर्माजीला पुढच्या महिन्यात दारूबंदी समितीवर घेतलं, भट्टीची माहिती त्यानेच दिली म्हणून. थट्टा करायची सवय असलेल्या माणसालाही कधी कधी नुसतं दात-ओठ खायची पाळी येते. बराख आणि शेत मात्र सारजाबाईकडे राहिलं. त्या दिवसापासून बायका पाळीपाळीने कुडाशी बसत, आणि धर्माजीला ढेपदेखील ठेवायला दुसरी जागा बघावी लागली.

तो तुरुंगात असताना सारजाबाईने एक काम केलं. सगळा चांगला कांदा परत वाहून आणला, पूर्वेच्या टोकाला तसाच रचला आणि मागे शिरून भिंत चाचपली. रोज चाचपायची. भिंत भिंतच राहिली.

सुटायच्या दिवशी ती एस. टी.ने येरवड्याला गेली आणि तुरुंगाच्या फाटकासमोर फडक्यात भाकरी घेऊन उभी राहिली. तो बाहेर आला. वाळला होता. निळे कपडे आता त्याला ढगळ होत होते.

‘किती उशीर,’ ती म्हणाली. ‘तिथं बी ओव्हरटाइम करत हुतास व्हय?’

‘साहेबाची सही व्हायची हुती.’

ती त्याच्याकडे न बघता चालायला लागली. रस्ता ओलांडून झाल्यावर म्हणाली, ‘वाट बंद झाली. रोज बघितली मी. कांदा रचून बी बघितला.’

‘मी विचारलो का?’ ज्योतीराम म्हणाला.

ती थांबली. गावात काय बोलतील, विधवेचा पाट लावायला भटजी किती आढेवेढे घेईल, धर्माजी कसा गोड हसेल, हे सगळं तिने त्याला रस्त्याच्या कडेला उभं राहून ऐकवलं, प्रत्येकाला स्वतंत्र शिवी देऊन. त्याने सगळं ऐकलं. मग फडकं तिच्या हातातून घेतलं.

‘तुमी बोला,’ तो म्हणाला. ‘मी खाताव.’